लघुचित्रपटातील उत्कंठा व दृष्टिबिंदू

चित्रपटातील घटना ज्या जागेवरून आणि ज्याच्या जाणिवेतून दाखविली जाते, ती जागा म्हणजे दृष्टिबिंदू. तर पुढे काय घडणार यासंबंधी प्रेक्षकाच्या मनात जागविलेली व हेतुपूर्वक लांबविलेली आतुरता म्हणजे उत्कंठा. चित्रपटकलेत या दोहोंचा संबंध अत्यंत निकटचा आहे. कारण कॅमेरा कोठे ठेवला यावर प्रेक्षकाला काय कळते व काय कळत नाही हे अवलंबून असते आणि कळणे व न कळणे यांच्या प्रमाणावरच उत्कंठेची उभारणी होते. लघुचित्रपटात हा संबंध विशेष ठळकपणे दिसून येतो. अमेरिकेतील ॲकॅडेमी पारितोषिकांच्या नियमांनुसार श्रेयनामावलीसह ४० मिनिटे वा त्याहून कमी अवधीचा चित्रपट हा लघुचित्रपट मानण्यात येतो. एवढ्या अवधीत पात्रांचा पूर्वेतिहास सांगणे, उपकथानके गुंफणे वा स्वभावांचा क्रमाने विकास दाखविणे सहसा शक्य नसते. त्यामुळे कथा कोणाच्या नजरेतून सांगावयाची, ही निवडच बहुतांशी कथेचे स्वरूप ठरविते. फाशीच्या दोरापुढे उभा असलेला कैदी, प्रत्यक्ष खुनी, पाठलाग करणारा कॅमेरा, निर्जीव बाहुली किंवा सीमेवरील ससे अशा अनपेक्षित जागांवरून कथा सांगण्याचे प्रयोग लघुचित्रपटाच्या क्षेत्रात प्रारंभापासून होत आले आहेत. त्यांपैकी काही केवळ चमत्कृती म्हणून उरले, तर काहींनी पाहण्याच्या क्रियेविषयीच गंभीर प्रश्न उपस्थित केले. या दोहोंतील भेद कशात आहे, हा या विषयातील मध्यवर्ती समीक्षाप्रश्न होय.

संकल्पना : उत्कंठा व आश्चर्य यांतील भेद इंग्रज दिग्दर्शक ॲल्फ्रेड हिचकॉक याने फ्रेंच दिग्दर्शक फ्रांस्वा त्र्युफो याच्याशी १९६२ मध्ये झालेल्या प्रदीर्घ संभाषणांत स्पष्ट केला आहे. ही संभाषणे १९६६ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली. टेबलाखाली बाँब असून तो प्रेक्षकाला ठाऊक नसेल, तर स्फोटाच्या वेळी त्याला १५ सेकंदांचे आश्चर्य लाभते. परंतु बाँबची कल्पना प्रेक्षकाला असून टेबलाभोवतीच्या माणसांना नसेल, तर तेच निरर्थक संभाषण १५ मिनिटांची उत्कंठा निर्माण करते, असा त्याच्या प्रतिपादनाचा आशय आहे. या मतानुसार उत्कंठा ही माहितीच्या अभावातून नव्हे, तर माहितीच्या विषम वाटणीतून उद्‌भवते. प्रेक्षक पात्रापेक्षा अधिक जाणतो, पात्राइतकेच जाणतो किंवा पात्राहून कमी जाणतो, असे या वाटणीचे तीन प्रकार संभवतात. असाधारण दृष्टिबिंदूचे कार्य या तिन्ही प्रकारांत निरनिराळे असते.

हिचकॉकचे हे विवेचन तंत्राच्या अंगाने उपयुक्त असले, तरी प्रेक्षक दुसऱ्याच्या भयात सहभागी का होतो, याचे उत्तर त्यातून मिळत नाही. या संदर्भात भारतीय साहित्यशास्त्रातील विचार उद्‌बोधक ठरतो. भरताच्या ‘नाट्यशास्त्रा’त औत्सुक्य हा ३३ व्यभिचारी भावांपैकी एक मानला असून भयानक हा स्वतंत्र रस सांगितला आहे. अभिनवगुप्ताने रसप्रतीतीचे स्पष्टीकरण करताना कालिदासाच्या ‘अभिज्ञानशाकुंतला’तील पहिल्या अंकात राजाच्या रथापुढे धावणाऱ्या हरणाचे उदाहरण घेतले आहे. पुन्हापुन्हा मान वळवून मागे पाहणाऱ्या त्या हरणाचे भय सहृदयाला प्रतीत होते, तेव्हा ते ‘माझे’ किंवा ‘त्याचे’, शत्रूचे किंवा मित्राचे असे राहत नाही. स्थलकालाच्या मर्यादा गळून केवळ भय उरते, असे त्याचे प्रतिपादन आहे. यालाच साधारणीकरण असे म्हणतात. प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने यातील लक्षणीय भाग असा, की हरणाचे भय कळण्यासाठी प्रेक्षकाला हरणाच्या डोळ्यांतून पाहावे लागत नाही. त्याला हरिण मागे वळून पाहताना दिसावे लागते. पात्राच्या डोळ्यांच्या जागी कॅमेरा ठेवला म्हणजे पात्राशी तादात्म्य आपोआप साधते, हा समज त्यामुळे तपासून पाहावा लागतो.

प्रारंभीचे प्रयोग : चित्रपटाच्या पहिल्या दशकात सर्वच चित्रपट अल्प लांबीचे होते. दृष्टिबिंदूविषयीचे आरंभीचे महत्त्वाचे प्रयोग इंग्लंडमध्ये झाले. जॉर्ज ॲल्बर्ट स्मिथ याच्या ‘ग्रँडमाज रीडिंग ग्लास’ (१९००) या चित्रपटात एक मुलगा आजीच्या भिंगातून निरनिराळ्या वस्तू पाहतो आणि त्या वर्तुळाकार चौकटीत मोठ्या होऊन प्रेक्षकाला दिसतात. येथे उत्कंठा नाही, कुतूहल आहे. परंतु ‘पाहणारा’ व ‘पाहिलेले’ अशी दोन दृश्ये जोडण्याची रीत त्यातून रूढ होऊ लागली. सेसिल हेपवर्थ याच्या ‘हाउ इट फील्स टू बी रन ओव्हर’ (१९००) या एक मिनिटाहूनही कमी अवधीच्या चित्रपटात मोटारगाडी सरळ कॅमेऱ्यावर येऊन आदळते व पडदा काळा होतो. जेम्स विल्यम्‌सन याच्या ‘द बिग स्वॉलो’ (१९०१) मध्ये आपले छायाचित्र घेतल्याबद्दल संतापलेला गृहस्थ पुढे येतयेत कॅमेऱ्यासह छायाचित्रकारालाच गिळून टाकतो. हे दोन्ही चित्रपट विनोदासाठी निर्माण झाले असले, तरी प्रेक्षक सुरक्षित अंतरावर बसलेला नाही, तोच अपघाताचे किंवा गिळंकृत होण्याचे लक्ष्य आहे, ही कल्पना त्यांत प्रथमच इतक्या उघडपणे मांडली गेली.

या प्रयोगांना कथेची जोड देणारी उल्लेखनीय कृती म्हणजे लोइस वेबर व फिलिप्स स्मॉली यांनी दिग्दर्शित केलेला ‘सस्पेन्स’ (१९१३) हा सुमारे दहा मिनिटांचा अमेरिकन मूकपट. एकाकी घरात तान्ह्या मुलासह असलेली स्त्री, घरात शिरू पाहणारा भटक्या आणि दूरध्वनीवरून तिची हाक ऐकून धावत सुटलेला पती, हे त्याचे कथानक नवे नव्हते. आंद्रे द लॉर्द याच्या १९०१ मधील फ्रेंच नाटकापासून ते प्रचलित होते व डी. डब्ल्यू. ग्रिफिथ याने ‘द लोन्ली व्हिला’ (१९०९) मध्ये ते आधीच हाताळले होते. ग्रिफिथचा भर घर व रस्ता यांची दृश्ये आलटूनपालटून दाखविण्यावर, म्हणजे संकलनावर होता. वेबरचा भर कॅमेऱ्याच्या जागेवर आहे. स्त्री वरच्या खिडकीतून खाली डोकावते, तेव्हा भटक्या थेट डोक्यावरून दिसतो आणि तो मान वर करून सरळ कॅमेऱ्याकडे पाहतो. पाहणारी स्त्री त्या क्षणी पाहिली जाते व तिच्याबरोबर प्रेक्षकही सापडतो. पती मोटारीतून जात असता मागून येणारी गाडी आरशात दिसते, तर एका प्रसंगी पडद्याचे त्रिकोणी भाग करून स्त्री, पती व भटक्या ही तिघेही एकाच वेळी दाखविली आहेत. या त्रिभागी चौकटीत प्रेक्षक प्रत्येक पात्रापेक्षा अधिक जाणतो. पण त्या ज्ञानाचा त्याला काहीच उपयोग करता येत नाही. माहिती व असमर्थता यांचा हा संयोग हे उत्कंठेचे मूळ होय आणि हिचकॉकच्या विवेचनाच्या कितीतरी आधी तो येथे साकार झालेला दिसतो.

खुन्याची नजर : बोलपटाच्या काळात निवेदकाचा आवाज उपलब्ध झाल्यामुळे दृष्टिबिंदूला नवे परिमाण लाभले. एडगर ॲलन पो याच्या १८४३ मधील कथेवर आधारलेला ‘द टेल-टेल हार्ट’ (१९५३) हा यूपीए या अमेरिकन संस्थेचा ॲनिमेशन पद्धतीचा लघुचित्रपट या दृष्टीने लक्षणीय आहे. टेड पार्मली हा त्याचा दिग्दर्शक, पॉल जूलियन हा चित्ररचनाकार असून निवेदन जेम्स मेसन या ब्रिटिश नटाचे आहे. ब्रिटनच्या परिनिरीक्षण मंडळाने केवळ प्रौढांसाठी असलेले ‘एक्स’ प्रमाणपत्र दिलेला हा पहिला व्यंगपट होय. म्हाताऱ्याच्या डोळ्याच्या तिटकाऱ्याने त्याचा खून करणारा निवेदक आपण वेडे नसल्याचे पुन्हापुन्हा बजावीत असतो. चित्रपटात तो जवळजवळ दिसतच नाही. दिसते ते त्याला दिसणारे घर, त्यातील वाकडे जिने, सावल्या आणि पांढुरक्या डोळ्याच्या आकारात रूपांतर पावणाऱ्या वस्तू. छायाचित्रणात जग जसे आहे तसे नोंदले जाते, अशी प्रेक्षकाची धारणा असते. रेखाटलेल्या जगाला असे बंधन नसल्यामुळे भ्रमिष्ट मनाचे विकृत विश्व येथे पुराव्याची अपेक्षा न ठेवता उभे राहते. परिणामी, खुनी पकडला जाईल काय, ही उत्कंठा त्याच्या मनाला हा ताण किती वेळ सोसेल, या उत्कंठेत परिवर्तित होते. प्रेक्षक खुन्याच्या बाजूने भिऊ लागतो, ही या दृष्टिबिंदूची नैतिकदृष्ट्या अस्वस्थ करणारी बाजू होय.

मृत्यूच्या क्षणीची जाणीव : असाधारण दृष्टिबिंदूचे सर्वांत चर्चिले गेलेले उदाहरण रॉबेअर आंरिको याच्या ‘ला रिव्हिएर द्यु इबू’ या फ्रेंच लघुचित्रपटाचे आहे. अमेरिकन लेखक अँब्रोझ बिअर्स याच्या १८९० मधील ‘ॲन अकरन्स ॲट आउल क्रीक ब्रिज’ या कथेवर तो आधारित असून कॅन येथील महोत्सवात १९६२ मध्ये त्याला लघुचित्रपटाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. पुढे ॲकॅडेमी पारितोषिकही लाभले. २८ फेब्रुवारी १९६४ रोजी ‘द ट्‌वायलाइट झोन’ या अमेरिकन दूरचित्रवाणी मालिकेतून तो प्रक्षेपित झाल्यामुळे फार मोठ्या प्रेक्षकवर्गापर्यंत पोहोचला. अमेरिकन यादवी युद्धात एका नागरिकाला रेल्वेच्या पुलावर फाशी देण्यात येते. दोर तुटतो, तो नदीत पडतो, गोळ्या चुकवीत पोहत जातो, अरण्यातून धावत घरापर्यंत येतो. पत्नीला स्पर्श करणार तोच त्याची मान मोडते. सुटकेचा सारा प्रवास दोर ताणला जाईपर्यंतच्या क्षणातील कल्पना होती, हे शेवटी उघड होते.

ही प्रेक्षकाची फसवणूक होय काय, असा आक्षेप येथे संभवतो. कथेत लेखक भाषेच्या साहाय्याने वस्तुस्थिती व कल्पना यांची सीमा संदिग्ध ठेवू शकतो. चित्रपटात मात्र कल्पनेतील नदीही खऱ्या नदीसारखीच दिसते. परंतु चित्रपट बारकाईने पाहिला असता आंरिकोने सूचना दडविलेल्या नाहीत, असे दिसून येते. पाण्यातून वर आलेल्या कैद्याला सैनिकांचे आवाज ताणलेले व मंद ऐकू येतात. झाडाचे पान, त्यावरील कीटक, कोळ्याचे जाळे अशा गोष्टी अस्वाभाविक स्पष्टतेने दिसतात. पत्नीकडे तो धावतो ते दृश्य पुन्हापुन्हा येते आणि अंतर कमी होत नाही. या खुणा प्रेक्षकाच्या डोळ्यांपुढे असतात. तो त्यांचा अर्थ लावीत नाही, कारण कैदी वाचावा अशी त्याची इच्छा असते. म्हणजेच फसवणूक दिग्दर्शकापेक्षा प्रेक्षकाच्या आशेने केलेली असते. कैद्याची आशा व प्रेक्षकाची आशा एकच होऊन त्या दोहोंचा एकाच क्षणी अंत व्हावा, यात या चित्रपटाचे सामर्थ्य आहे. कथेतील कैद्याच्या पूर्वायुष्याचा व राजकीय निष्ठेचा भाग चित्रपटात जवळजवळ उरलेला नाही. त्यामुळे कथेतील उपरोध काहीसा क्षीण झाला असला, तरी फाशी जाणारा माणूस कोणत्या पक्षाचा, हा प्रश्न बाजूला पडून केवळ जगण्याची ओढ उरते. अभिनवगुप्ताने वर्णिलेल्या साधारणीकरणाशी हा परिणाम जुळतो.

याच वर्षीच्या क्रिस मार्केर याच्या ‘ला जेते’ (१९६२) या सुमारे २८ मिनिटांच्या चित्रपटातही नायक अखेरीस स्वतःच्या मृत्यूपाशी येऊन पोहोचतो. लहानपणी विमानतळावर पाहिलेला एका माणसाचा मृत्यू हा आपलाच होता, हे त्याला कालप्रवासानंतर उमगते. जवळजवळ संपूर्ण चित्रपट स्थिर छायाचित्रांचा असून झोपेतून जाग्या होणाऱ्या स्त्रीचे एकच दृश्य त्यात हलते. स्मृतीच्या दृष्टिबिंदूतून सांगितलेल्या कथेला स्थिरचित्रांचे माध्यम अनुरूप ठरते.

कॅमेरा हेच पात्र : सॅम्युएल बेकेट याने १९६३ मध्ये लिहिलेल्या आणि ॲलन श्नायडर याने दिग्दर्शित केलेल्या ‘फिल्म’ (१९६५) या चित्रपटात दृष्टिबिंदू हाच विषय आहे. वृद्ध नट बस्टर कीटन याने त्यात भूमिका केली असून छायालेखन बोरिस काउफमन याचे आहे. असणे म्हणजे पाहिले जाणे, या जॉर्ज बर्क्ली या तत्त्ववेत्त्याच्या सूत्रावर चित्रपटाची उभारणी झाली आहे. एक माणूस तोंड लपवीत भिंतीच्या कडेने पळतो. कॅमेरा त्याच्या पाठीमागे ४५ अंशांच्या कोनाच्या आत राहून पाठलाग करतो. हा कोन ओलांडला, की माणसाला आपण पाहिले जात असल्याची जाणीव होते. खोलीत आल्यावर तो खिडकी व आरसा झाकतो, कुत्र्याला व मांजराला बाहेर काढतो, पोपट व मासा यांच्यावर आच्छादन घालतो आणि छायाचित्रे फाडून टाकतो. शेवटी कॅमेरा समोर येतो, तेव्हा पाहणारा तो स्वतःच असल्याचे दिसते. येथे शस्त्र नाही, गुन्हा नाही, संकटाचे कोणतेही बाह्य कारण नाही. तरीही पाठलागाचा ताण आहे, कारण पाहणे हेच आक्रमण ठरले आहे. कुत्रा व मांजर आळीपाळीने खोलीत परत येण्याचा प्रसंग मूकपटातील विनोदाच्या परंपरेतील असून तो मूळ गांभीर्याशी पूर्णपणे एकजीव झालेला नाही. पात्राची अंधुक व कॅमेऱ्याची स्पष्ट अशा दोन नजरांतील भेद प्रथमदर्शनी सहज ध्यानात येत नाही, हीही या चित्रपटाची एक मर्यादा म्हणावी लागेल.

क्लोद ललूश याच्या ‘सेतेत आँ राँदेव्हू’ (१९७६) या सुमारे आठ मिनिटांच्या चित्रपटात कॅमेरा मोटारगाडीच्या पुढील भागावर बसविलेला असून पहाटेच्या पॅरिसमधून, लाल दिवे न जुमानता, गाडी माँमार्त्रच्या टेकडीवरील साक्रे-कर चर्चपर्यंत अखंड एकाच चित्रणखंडात धावते. चालक दिसत नाही. तो कोठे व कशासाठी निघाला आहे, हे अखेरच्या क्षणी एक तरुणी पायऱ्या चढून आल्यावर कळते. धाव रोमहर्षक आहे यात शंका नाही; परंतु रस्त्यावरील पादचारी हे नट नव्हते व त्यांची संमती घेतलेली नव्हती. कथेतील काल्पनिक धोक्याऐवजी इतरांच्या जीविताला असलेला वास्तव धोका येथे उत्कंठेचे साधन बनतो. अपघात झाला नाही, एवढ्यावरून या आक्षेपाचे निराकरण होत नाही. ध्वनिपट्टावरील इंजिनाचा आवाज मात्र दुसऱ्या, अधिक वेगवान गाडीचा असल्याचे दिग्दर्शकाने नंतर सांगितले. त्यामुळे वास्तवाचा दावा करणाऱ्या या चित्रपटातही वेगाचा प्रत्यय अंशतः रचलेलाच होता.

याच्या अगदी उलट परिणाम ॲलन क्लार्क याच्या ‘एलिफंट’ (१९८९) या बीबीसीसाठी निर्मिलेल्या ३९ मिनिटांच्या चित्रपटात आढळतो. उत्तर आयर्लंडमधील हिंसाचारावरील या चित्रपटात १८ हत्या एकामागून एक दाखविल्या आहेत. तोलयंत्रावर बसविलेला कॅमेरा चालणाऱ्या माणसाच्या मागोमाग बराच वेळ जातो. ज्याच्या मागे आपण चाललो आहोत तो मारणार आहे की मारला जाणार आहे, हे प्रत्येक वेळी आधी कळत नाही. नावे, कारणे व पक्ष सांगितलेले नाहीत. संवादही जवळजवळ नाहीत. सुरुवातीच्या हत्यांच्या वेळी वाटणारी उत्कंठा पुनरावृत्तीमुळे हळूहळू विरते व तिच्या जागी बधिरता येते. ही बधिरता हाच चित्रपटाचा अभिप्राय आहे. कारण रोजच्या बातम्यांतील हत्यांना सरावलेल्या समाजाची मनःस्थिती तीच होती. उत्कंठा निर्माण करून ती जाणीवपूर्वक झिजविणारी अशी कृती विरळा.

अमानुष दृष्टिबिंदू : मनुष्येतर प्राणी वा वस्तू यांच्या नजरेतून कथा सांगताना भावविवशतेचा व बालिशपणाचा धोका असतो. बार्तोश कोनोप्का याच्या ‘रॅबिट आ ला बर्लिन’ (२००९) या अनुबोधपटात बर्लिनच्या भिंतीलगतच्या निर्मनुष्य पट्ट्यात राहणाऱ्या सशांची हकीकत सांगितली आहे. माणसांसाठी मृत्यूचा पट्टा असलेली ती जागा सशांना मात्र शत्रूंपासून सुरक्षित असे कुरण होती. १९८९ मध्ये भिंत पडणार, हे प्रेक्षकाला ठाऊक असते, सशांना नाही. इतिहासाचे हे पूर्वज्ञान हिचकॉकच्या टेबलाखालील बाँबचेच कार्य करते. शिवाय सुरक्षिततेच्या मोबदल्यात स्वातंत्र्य गमावलेल्या नागरिकांचे रूपक त्यातून सहजपणे सूचित होते.

भारतीय लघुचित्रपटांत सुजॉय घोष याच्या ‘अहल्या’ (२०१५) या सुमारे १४ मिनिटांच्या बंगाली चित्रपटाचा निर्देश आवश्यक आहे. सौमित्र चतर्जी, राधिका आपटे व तोता रायचौधुरी यांच्या त्यात भूमिका आहेत. बेपत्ता तरुणाच्या शोधात इंद्र नावाचा पोलीस अधिकारी वृद्ध कलावंत गौतम साधू याच्या घरी येतो. तेथे फळीवर हुबेहूब माणसांसारख्या बाहुल्या मांडलेल्या असतात. शेवटी तो स्वतःच बाहुली होतो व त्याच्या हाका कोणालाही ऐकू जात नाहीत. ‘रामायणा’तील अहल्येच्या कथेत तिला शाप भोगावा लागतो, येथे जडत्वाची शिक्षा मोहात पडणाऱ्या पुरुषाच्या वाट्याला येते. दृष्टिबिंदूचा पालट केवळ शेवटी होत असला, तरी त्यामुळे आधीची सर्व दृश्ये बदलतात. फळीवरून पडणारी बाहुली ही प्रथम कुतूहलाची वस्तू वाटते, नंतर ती सुटकेची धडपड होती असे ध्यानात येते. पुराणकथा परिचित असल्यामुळे भारतीय प्रेक्षकाला अंताची चाहूल लागते. परंतु ही चाहूल उत्कंठेला मारक न ठरता पोषकच ठरते.

मर्यादा व मूल्यमापन : संपूर्ण चित्रपट एकाच पात्राच्या डोळ्यांतून दाखविण्याचा प्रयोग रॉबर्ट माँगमरी याने ‘लेडी इन द लेक’ (१९४७) या पूर्ण लांबीच्या चित्रपटात केला. त्यात नायक बहुतेक आरशातच दिसतो. हा प्रयोग सामान्यतः अयशस्वी मानला जातो. नायकाचा चेहरा दिसत नसल्यामुळे त्याला काय वाटते, हे प्रेक्षकाला कळत नाही आणि इतर पात्रे सतत कॅमेऱ्याकडे पाहून बोलत असल्याने कृत्रिमता जाणवत राहते. लघुचित्रपटात अशी युक्ती अल्पावधीमुळे सुसह्य होते. परंतु सुसह्य होणे आणि आवश्यक ठरणे यांत अंतर आहे. अंगावर बाळगता येणारे लहान कॅमेरे उपलब्ध झाल्यापासून पात्राच्या डोळ्यांतून चित्रण करणे अत्यंत सोपे झाले असून आंतरजालावर प्रसृत होणाऱ्या भयप्रधान लघुचित्रपटांत ते सर्रास आढळते. त्यांपैकी पुष्कळांत दृष्टिबिंदू बदलला तरी कथेत काहीच फरक पडणार नाही, असे दिसते. पाहणारा कोण, या प्रश्नाचे उत्तर अखेरच्या धक्क्यापुरते राखून ठेवलेले असते व ते मिळाल्यावर चित्रपट पुन्हा पाहण्याचे प्रयोजन उरत नाही.

वर उल्लेखिलेल्या श्रेष्ठ कृतींत याच्या उलट अनुभव येतो. ‘ला रिव्हिएर द्यु इबू’चा अंत ठाऊक असतानाही प्रेक्षक कैद्याच्या सुटकेची इच्छा करतो, ‘सस्पेन्स’मधील भटक्याची वर वळलेली नजर पती वेळेवर पोहोचणार हे माहीत असूनही दचकविते. यावरून उत्कंठा ही केवळ अज्ञानावर अवलंबून नसते, हे स्पष्ट होते. कोणाच्या जागी उभे राहून पाहावयाचे व त्या जागेवरून पाहण्याची कोणती किंमत द्यावयाची, हा निर्णय ती प्रेक्षकाकडून नकळत करवून घेते. असाधारण दृष्टिबिंदूमुळे हा निर्णय जेथे जाणवण्याजोगा होतो, तेथे लघुचित्रपट युक्तीच्या पातळीवरून कलेच्या पातळीवर जातो.